गुडघे, खिडकी आणि नोटा

ख्वाजा अहमद अब्बास यांनी १९६८ साली काढलेला ‘चार शहर एक कहानी’ हा माहितीपट सोळा मिनिटांचा आहे. तो कृष्णधवल आहे आणि त्यात संवाद नाहीत. मजुरांचे एक गाणे, थोडे पार्श्वसंगीत आणि रस्त्यावरचे आवाज एवढेच कानावर पडते. कलकत्ता, मुंबई, मद्रास आणि दिल्ली ही त्यातली चार शहरे. उंच इमारती आणि त्या बांधणारे हात, आलिशान मोटारी आणि हातगाड्या, पुढाऱ्यांचे पुतळे आणि त्यांच्यासमोरची गरिबी अशी दृश्ये एकमेकांना लागून येतात. एक हडकुळा माणूस घामाघूम होऊन रिक्षा ओढतो, आत गलेलठ्ठ गिऱ्हाईक बसलेले असते. पुढे तेच गिऱ्हाईक रिक्षा ओढते आणि ओढणारा आत बसतो. मधे कुठेतरी मुंबईच्या वेश्यावस्तीचा जेमतेम मिनिटभराचा तुकडा येतो. तेवढ्यावरून सेन्सॉर मंडळाने या चित्रपटावर ‘केवळ प्रौढांसाठी’ हा शिक्का मारायचे ठरवले. अब्बास सर्वोच्च न्यायालयात गेले आणि २४ सप्टेंबर १९७० रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने निकाल दिला. भारतात चित्रपट लोकांपुढे येण्याआधी सरकारी मंडळाने तो तपासावा, ही व्यवस्था आजही त्या निकालावर उभी आहे. हे पुस्तक त्या मिनिटाविषयी, त्या निकालाविषयी आणि पन्नासहून अधिक वर्षे चालत आलेल्या त्यांच्या परिणामांविषयी आहे.

तो तुकडा नेमका काय दाखवतो, हे आधी नीट पाहिले पाहिजे, कारण पुढचा सगळा वाद त्यावर आहे. दारांशी आणि खिडक्यांशी उभ्या असलेल्या बाया लांबून दिसतात. काहींचे कपडे आखूड आहेत, पाय गुडघ्यापर्यंत, कधी थोडे वर उघडे आहेत. चित्रण हलते आणि अंधुक आहे, बहुधा चालत्या मोटारीतून केलेले. कॅमेरा लक्षात आल्यावर काही जणी चटकन आत सरकतात. मग एक बाई खिडकी लावून घेते. त्यानंतर फक्त हात दिसतात. एका बाईच्या हातात नोटा आहेत, एक पुरुषी हात त्यातल्या बहुतेक हिसकावून घेतो आणि तिच्याकडे मोजक्याच उरतात. दोघांचेही चेहरे दिसत नाहीत. पुढे खिडकी लावणारी ती बाई आरशासमोर बसून केस विंचरते, पिंजऱ्यातल्या पक्ष्यांच्या जोडीकडे बघते, खोलीभर नजर फिरवते, कपडे बदलून झोपते आणि आपल्या आधीच्या आयुष्याचे स्वप्न पाहते. एवढेच. यात कुठे नग्नता नाही, स्पर्शही नाही. अपिलानंतर केंद्र सरकारने सर्वांसाठीचे प्रमाणपत्र देण्याची तयारी दाखवली, पण वेश्यावस्तीचे दृश्य आखडते घ्यावे आणि विशेषतः तीन गोष्टी काढाव्यात अशी अट घातली. उघडे गुडघे, बाईने खिडकी लावणे आणि नोटांची देवघेव.

या प्रस्तावनेचा सगळा युक्तिवाद त्या तीन गोष्टींवर आहे. गुडघ्यांना हरकत घेणे त्या काळाच्या संकोचाला धरून होते असे मानता येईल. खिडकीत आणि नोटांत मात्र देह नाही. बंद होणारी खिडकी पाहणाऱ्याला एवढेच सांगते की आत काहीतरी विकले जात आहे. नोटा सांगतात की जे विकले गेले त्याचा पैसा जिचा देह तिच्याकडे राहत नाही. सरकारला आक्षेपार्ह वाटला तो व्यवहार. मद्रासमधला मजूर आणि कलकत्त्याचा रिक्षावाला यांच्याबद्दल अब्बास जे म्हणत होते तेच त्यांनी या बाईबद्दल म्हटले होते. घाम एकाचा, कमाई दुसऱ्याची. मंडळाने बाकी पंधरा मिनिटांतली ही गोष्ट खपवून घेतली आणि बाईपाशी आल्यावर तिला प्रौढांचा विषय ठरवले. माझे म्हणणे असे की आपल्याकडे ‘प्रौढांसाठी’ हा शिक्का बालकांच्या रक्षणासाठी म्हणून मारला जातो, पण प्रत्यक्षात तो अनेकदा या व्यवहाराचे रक्षण करतो. देह किती दिसला हे मोजायला सोपे असते. देहाच्या आडून कोण कोणाला लुबाडते आहे हे दिसले, की मोजणारा हात अस्वस्थ होतो आणि कात्रीकडे जातो.

न्यायालयात घडले ते विचित्र होते. खटला चालू असतानाच सरकारने सांगितले की कोणतीही कात्री न लावता सर्वांसाठीचे प्रमाणपत्र देतो. अब्बास यांना हवे ते मिळाले होते, घरी जाता आले असते. त्यांनी उलट याचिकेत दुरुस्ती मागितली आणि आपल्या चित्रपटापुरता असलेला वाद सगळ्या चित्रपटांचा केला. त्यांचे मुद्दे चार होते. भाषणस्वातंत्र्य असलेल्या देशात पूर्वतपासणीच नको. ती ठेवायचीच असेल तर तिची तत्त्वे स्पष्ट हवीत, अधिकाऱ्याच्या लहरीला वाव नको. निर्णयाला मुदत हवी. आणि अपील सरकारकडे न जाता न्यायालयाकडे किंवा स्वतंत्र न्यायाधिकरणाकडे जावे. शेवटचे दोन मुद्दे सरकारने तत्त्वतः मान्य केले. पहिला न्यायालयाने साफ फेटाळला. चलच्चित्र पाहणाऱ्याच्या भावना जितक्या खोल ढवळते तितक्या दुसरी कुठलीही कला ढवळत नाही, म्हणून वृत्तपत्राला न लावलेली तपासणी चित्रपटाला लावणे घटनेला धरून आहे, असे पीठाने ठरवले. माणसाने आपला सोळा मिनिटांचा चित्रपट सोडवला आणि त्यापायी सगळ्या चित्रपटांचा खटला गमावला. अब्बास यांनी त्या वेळी माघार घेतली असती तर पूर्वतपासणीवर सर्वोच्च न्यायालयाची इतकी भक्कम मोहोर तेव्हा उठली नसती, असेही म्हणता येते. तरीही त्यांनी केले ते योग्यच होते असे मला वाटते. स्वतःपुरती मिळालेली सूट घेऊन गप्प बसणाऱ्यांच्या जोरावरच तर असली व्यवस्था टिकून राहते.

निकाल लिहिणारे सरन्यायाधीश हिदायतुल्ला विदर्भाला परके नव्हते. नागपूरच्या मॉरिस कॉलेजात ते शिकले, नागपुरातच वकिली केली आणि १९५४ मध्ये नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती झाले. आपला चांदा, म्हणजे आताचा चंद्रपूर जिल्हा त्याच न्यायालयाच्या अधिकारात होता. मुंबईच्या हॅपी बुक स्टॉलमध्ये ‘लेडी चॅटर्लीज लव्हर’ विकल्याबद्दल झालेल्या खटल्यात १९६४ साली त्यांनीच रणजित उदेशी यांची शिक्षा कायम केली होती आणि त्यासाठी अश्लीलतेची १८६८ मधली इंग्रजी कसोटी उचलली होती. त्या निकालाशी ताडून पाहिले तर १९७० चा निकाल बराच पुढे आलेला दिसतो. लैंगिकता आणि अश्लीलता ही एकच गोष्ट नव्हे, कुरूप वास्तव दाखवणे म्हणजे त्याचा पुरस्कार करणे नव्हे, कलाकृतीची पारख ती समग्र पाहून व्हावी आणि चांगल्या कृतीला आंधळ्या नियमांपासून वाचवण्याची सोय नियमांतच हवी, असे त्यात सविस्तर म्हटले आहे. मधल्या काळात हवाही बदलली होती. चंद्रकांत काकोडकर यांच्या ‘श्यामा’ या मराठी कथेवर, ‘रंभा’ मासिकाच्या १९६२ च्या दिवाळी अंकात ती छापली म्हणून खटला झाला होता. १९६९ साली सर्वोच्च न्यायालयाने त्यांना निर्दोष सोडले आणि समाजाच्या रुचीचे मापदंड बदलत असल्याचे मान्य केले. म्हणजे अब्बास खटला हरले तरी निकाल देताना न्यायालयाने पुढच्यांच्या हातात एक शस्त्र ठेवले. तपासणी राहील, पण तिने कात्री कशी चालवू नये याचे वर्णनही त्याच कागदावर राहील.

त्या शस्त्राचा उपयोग झाला तो १९९६ साली. ‘बँडिट क्वीन’मधल्या फूलनची विवस्त्र धिंड दाखवणारे दृश्य अश्लील आहे असे म्हणत दिल्ली उच्च न्यायालयाने चित्रपट रोखला होता. न्यायमूर्ती भरुचा यांनी लिहिलेल्या निकालाने ती बंदी उठली. त्या दृश्याने वासना जागी होत नाही, किळस आणि करुणा जागी होते, आणि तसे व्हावे म्हणूनच ते आहे, असा त्याचा आशय. चित्रपट प्रमाणन अपील न्यायाधिकरणातल्या स्त्री सदस्यांनाही ते अश्लील वाटले नव्हते, याचीही दखल घेतली गेली. अब्बास खटल्यातली वाक्ये त्या निकालाला आधार म्हणून आली. पुढे २००६ मध्ये आनंद पटवर्धन यांच्या ‘पिता, पुत्र आणि धर्मयुद्ध’ या माहितीपटाबाबतही असेच घडले. त्याच्या एका भागाला सर्वांसाठीचे आणि दुसऱ्याला प्रौढांसाठीचे प्रमाणपत्र होते, दूरदर्शनला तो दाखवायचा नव्हता, आणि सर्वोच्च न्यायालयाने तो दाखवायला लावला. पुरुषत्वाच्या कल्पनेतून हिंसा कशी येते, हा त्याचा विषय. इथेही शिक्का देहापेक्षा विषयाला लागला होता असे मला वाटते.

आता सर्वांत जड आक्षेप, आणि तो सेन्सॉरच्या बाजूचा नाही. चालत्या मोटारीतून ज्यांचे चित्रण केले त्या बायांना कोणी विचारले होते का? कॅमेरा दिसताच त्या आत सरकल्या, हे निकालातच नोंदलेले आहे. तिथे ती नोंद दृश्य किती सौम्य आहे हे सांगण्यासाठी येते. पण ती वेगळ्या अर्थानेही वाचली पाहिजे. त्यांनी जितके सांगता येईल तितके सांगितले होते, की आम्हाला यात यायचे नाही. मंडळ, फेरतपासणी समिती, केंद्र सरकार, महान्यायअभिकर्ता, पाच न्यायमूर्ती आणि खुद्द अब्बास एवढ्या सगळ्यांनी त्यांच्या गुडघ्यांविषयी चर्चा केली, आणि त्यांच्यापैकी एकीचेही म्हणणे कुठल्या कागदावर आले नाही. हा दोष चित्रपटाचा आहे आणि अब्बास यांच्या चांगल्या हेतूने तो धुतला जात नाही. ज्या नजरेविरुद्ध ते बोलत होते तिचा थोडा अंश त्यांच्या मोटारीतही होता. तरीही त्याच चित्रपटात आरशासमोरची ती बाई आहे. ते दृश्य रचलेले आहे, त्यात अभिनेत्री आहे, आणि तिथे कॅमेरा थांबतो. ती थकते, कंटाळते, स्वप्न बघते. एका तुकड्यात वस्ती चोरून टिपलेली आणि लगेच पुढच्यात एक माणूस पूर्णपणे उभे केलेले, असा हा दुभंग आहे. माझ्या मते या चित्रपटाचे खरे शिक्षण या दुभंगात आहे, आणि खटल्याने नेमके तिकडेच पाहिले नाही.

त्या वस्तीतून बोलणारा आवाज मराठीत दोनच वर्षांनी आला. नामदेव ढसाळ यांचा ‘गोलपिठा’ हा कवितासंग्रह १९७२ साली प्रसिद्ध झाला आणि विजय तेंडुलकर यांनी त्याला प्रस्तावना लिहिली. बाहेरचा सुसंस्कृत वाचक या जगात कसा शिरणार, ही अडचण त्या प्रस्तावनेनेही झाकून ठेवली नाही. अब्बास मोटारीतून पाहत होते, ढसाळ तिथे राहिले-वाढले होते, आणि दोन्ही कृतींत जे दिसते त्यातला फरक केवळ धिटाईचा नाही. कोण कुठे उभे राहून पाहते आहे याचा तो फरक आहे. अश्लीलतेचा कायदा हा प्रश्न विचारतच नाही. तो फक्त विचारतो की किती दिसले आणि पाहणाऱ्याचे काय होईल. जिच्याकडे पाहिले गेले तिचे काय होते, यासाठी त्यात रकानाच नाही.

मोजमापाच्या या रीतीचे आणखी एक फळ पाहा. ज्या १९७० साली सर्वोच्च न्यायालय अंधुक चित्रणातल्या गुडघ्यांविषयी ऐकत होते त्याच वर्षी बी. आर. इशारा यांचा ‘चेतना’ आला. रेहाना सुलतान यांनी साकारलेली त्यातली वेश्या ही गंभीर भूमिका होती, पण लोकांच्या लक्षात राहिले ते पोस्टरवरचे उघडे पाय. त्या चित्रपटाला ‘ए’ शिक्का जाहिरातीसारखा फळला. अब्बास यांना तोच शिक्का नको होता, कारण त्यांना शाळा-कॉलेजातल्या मुलांनी आणि कामगारांनी, घरच्यांसह, आपला माहितीपट बघावा असे वाटत होते. म्हणजे एकच शिक्का विकणाऱ्याला गिऱ्हाईक मिळवून देतो आणि सांगणाऱ्याचे प्रेक्षक तोडतो. जयवंत दळवी यांच्या कादंबरीवरून निघालेल्या ‘चक्र’ची गोष्टही अशीच. झोपडपट्टीतल्या बाईला आंघोळीपुरताही आडोसा नसतो, हे त्यात स्मिता पाटील यांच्यावर चित्रित झालेल्या दृश्यातून कळते. तेच दृश्य चित्रपटातून उचलून जाहिरातीच्या मोठमोठ्या फलकांवर लागले तेव्हा तिथे गरिबी उरली नाही, भिजलेला देह तेवढा उरला. स्मिता पाटील यांनी त्याला उघड विरोध केला. देह दोन्हीकडे तेवढाच दिसत होता. पट्टी घेऊन मोजणाऱ्याला यातला फरक कधीच सापडणार नाही, आणि ज्याला देह विकायचा आहे तो पट्टीच्या आत राहून विकायला लवकर शिकतो.

हे सगळे मुंबई-दिल्लीचे, आपल्या चंद्रपूर जिल्ह्यातल्या सावलीत त्याचे काय, असे वाचक विचारील. सावलीला या वादात एक जुनी जागा आहे. १९३६ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये गांधी सेवा संघाचे अधिवेशन इथे भरले तेव्हा गांधीजी आले होते. आपल्या नावाचा वाद किंवा पंथ मागे राहू नये, हे त्यांनी इथेच सांगितले. सिनेमाविषयी त्यांचे मत कडक होते. १९२७-२८ मध्ये नेमलेल्या सिनेमा चौकशी समितीलाही त्यांनी आपण सिनेमा पाहत नाही आणि त्यात अपायच दिसतो असे कळवले होते. तरुण पत्रकार असलेल्या अब्बास यांनी १९३९ साली बाबूराव पटेल यांच्या ‘फिल्मइंडिया’ मासिकात गांधीजींना उघड पत्र लिहून या माध्यमाची बाजू मांडली. या दोघांना समोरासमोर उभे करून एकाला जुनाट आणि दुसऱ्याला आधुनिक ठरवणे मला पटत नाही. सावलीतल्या खादीने विकत घेणाऱ्याला जो प्रश्न विचारला, हे सूत कोणाच्या हाताचे आणि त्याला काय मिळाले, तोच प्रश्न तीस वर्षांनंतर अब्बास यांनी शहराला विचारला. त्यांच्या चित्रपटात चेहऱ्यांपेक्षा हात जास्त बोलतात. बांधणारे, ओढणारे, नोटा हिसकावणारे. गांधीजींना सिनेमात जी चैन आणि भुरळ दिसली ती खोटी नव्हती. पण भुरळ मोडणारा सिनेमाही असतो, आणि ‘केवळ प्रौढांसाठी’च्या नियमाने पहिला वार त्याच्यावर केला.

चंद्रपूर आणि गडचिरोली या आपल्या दोन जिल्ह्यांत बंदीचा विषय नवखा नाही. गडचिरोलीत १९९३ पासून दारूबंदी आहे, चंद्रपुरात ती २०१५ ला आली आणि २०२१ ला उठली. ती मागणी बायांनी लावून धरली होती, मोर्चे काढले होते. म्हणून बंदी मागणारा प्रत्येक जण संकुचित असतो असे इथे कोणी म्हणू शकत नाही, मीही म्हणत नाही. पण त्या चळवळीतल्या बाया घरात येणाऱ्या मजुरीचे काय होते, मार कोण खाते, पैसा कोणाकडे जातो हे दाखवत होत्या. बंदीची गरज पटवण्यासाठी त्यांना व्यवहार उघडा करावा लागला. चित्रपटांच्या कात्रीने त्याच्या नेमके उलट केले, व्यवहार झाकला आणि त्याला शालीनता म्हटले. दोन्हींना बंदी म्हणून एकाच रांगेत बसवले तर त्या बायांवर अन्याय होईल.

झाडीपट्टीच्या रंगभूमीवर तर हा प्रश्न दरवर्षी हंगामाला उभा राहतो. धान घरात आले की मंडई, शंकरपट आणि त्या रात्रीचे नाटक. देसाईगंज-वडशाच्या कंपन्या गावोगाव जातात आणि पहाटेपर्यंत प्रयोग चालतात. दंडार आणि खडी गंमत यांच्या परंपरेतून आलेल्या या रंगभूमीला चावट बोलणे कधी वर्ज्य नव्हते. २०२३ मध्ये परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली तेव्हा राज्याला तिची नव्याने ओळख झाली. पण गावात चर्चा असते ती मधल्या नाचगाण्यांची. कोणी म्हणतो नाच बंद करा, कोणी म्हणतो नाचावरच तिकीट खपते. महाराष्ट्रात नाटकाची संहिता रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडून मंजूर करून घ्यावी लागते. १९७२ साली ‘सखाराम बाइंडर’ या नाटकावर याच मंडळामुळे बंदी आली, दिग्दर्शक कमलाकर सारंग मुंबई उच्च न्यायालयात गेले आणि न्यायमूर्ती कानिया यांनी त्यांच्या बाजूने निकाल दिला. २०१६ मध्ये अमोल पालेकर यांनीही या पूर्वपरवानगीला न्यायालयात आव्हान दिले. मंडळ कागदावरचे शब्द वाचते. नाच कागदावर नसतो. म्हणजे लग्नाशिवाय बाया ठेवणाऱ्या पुरुषाचे सत्य सांगणारे नाटक अडते आणि ज्यावर गावाची खरी तक्रार आहे ते कागदाच्या बाहेरून निघून जाते. अब्बास यांच्या चित्रपटाला लावलेल्या कसोटीपेक्षा वेगळी कसोटी इथे लावून पाहा. नाचणारीला किती पैसे मिळतात, ते ठरवते कोण, मंचासमोर शिट्ट्या मारणाऱ्यांना आवरायची जबाबदारी कंपनीची की तिची, परतीच्या प्रवासात तिच्यासोबत कोण असते. नाटकात तिला एखादे तरी वाक्य आहे की नाही. या प्रश्नांची उत्तरे चांगली असतील तर नाच राहू द्यावा. ती वाईट असतील तर पदर कितीही नीट असला तरी तो प्रयोग अश्लील आहे.

यावर दोन गोष्टी हमखास म्हटल्या जातात. पहिली, मग लहान मुलांनी काहीही पाहावे का? नाही. वयोगट ठरवणे ही गरज आहे आणि ते ठरवणारी व्यवस्था असावी. १९८३ पासून आपल्याकडे पालकांसोबत पाहण्याचा वेगळा गट आहे, २०२३ च्या दुरुस्तीने त्यातही सात, तेरा आणि सोळा अशा वयाच्या पायऱ्या झाल्या. १९७० साली ‘सर्वांसाठी’ आणि ‘प्रौढांसाठी’ एवढे दोनच पर्याय होते, त्यामुळे अब्बास यांच्यासमोर मधली वाट नव्हती, हे मंडळाच्या बाजूने सांगितले पाहिजे. तेरा वर्षांच्या मुलीने त्या नोटांकडे बोट दाखवून हे काय चालले आहे असे विचारले तर मोठ्यांना उत्तर द्यावे लागेल, आणि ते देणे अवघड आहे हे खरे. पण ज्या मुली फसवून अशा वस्त्यांत नेल्या जातात त्या अनेकदा त्याच वयाच्या असतात. त्यांना न सांगण्यात कोणाचे रक्षण होते? वय ठरवून दाखवणे वेगळे आणि सर्वांना दाखवायचे म्हणून नोटा कापून टाकणे वेगळे. पहिल्यात मूल काही वर्षे थांबते, दुसऱ्यात सत्यच कायमचे नाहीसे होते.

दुसरी गोष्ट अशी की आता प्रत्येकाच्या हातात मोबाइल आहे, तिथे काय वाटेल ते दिसते, मग एका जुन्या माहितीपटाच्या शिक्क्यावर पुस्तक कशाला? मला नेमके त्यामुळेच ते आज हवे वाटते. मोबाइलवर येणाऱ्या बहुतेक चित्रफितींत देह आहे आणि नोटा नाहीत. चित्रण कोणी केले, तिला विचारले होते का, पैसे कोणाला गेले, यातले काहीही पडद्यावर येत नाही. म्हणजे १९६९ साली सरकारने ज्या गोष्टी कापायला सांगितल्या होत्या त्यातल्या दोन या बाजाराने स्वतःहून कापल्या आहेत आणि तिसरी, गुडघे, तेवढी मोकळी सोडली आहे. त्या पडद्याची सवय झालेल्या मुलाला ‘घाण पाहू नकोस’ एवढे सांगून भागत नाही. त्याला खिडकी आणि नोटा पाहायला शिकवावे लागेल, आणि त्यासाठी हा सोळा मिनिटांचा चित्रपट अजूनही उपयोगी आहे.

अब्बास यांच्या मागण्यांपैकी स्वतंत्र न्यायाधिकरणाची मागणी कायद्यातल्या १९८१ च्या दुरुस्तीने पुरी झाली. चित्रपट प्रमाणन अपील न्यायाधिकरणाने कित्येक चित्रपट कमी खर्चात सोडवले, ‘बँडिट क्वीन’ त्यातलाच. एप्रिल २०२१ मध्ये ते न्यायाधिकरण बंद झाले आणि आता मंडळाच्या निर्णयाविरुद्ध थेट उच्च न्यायालयात जावे लागते. मोठ्या निर्मात्याला ते परवडते. गडचिरोलीतल्या एखाद्या तरुणाने तेंदूपत्त्याच्या मजुरीवर किंवा खाणीवर माहितीपट काढला आणि त्यातले एखादे दृश्य मंडळाला खुपले, तर नागपूर खंडपीठापर्यंतचा वकील आणि तारखा त्याला परवडतील का? बहुधा तो सुचवलेली कात्री मान्य करील. अब्बास यांनी केलेला विरोध त्याला करता यावा, यासाठी ते न्यायाधिकरण किंवा त्यासारखी स्वस्त आणि जवळची सोय पुन्हा उभी राहायला हवी, आणि ही मागणी चित्रपटवाल्यांनी एकट्याने करून भागणार नाही.

पुढील पाने वाचताना निकालातला कायद्याचा भाग शेवटी वाचावा. आधी सरन्यायाधीशांनी चित्रपटाचे जे वर्णन केले आहे ते वाचावे. इतक्या बारकाईने आणि इतक्या सहानुभूतीने एका माहितीपटाकडे पाहणारे न्यायालयीन लेखन आपल्याकडे फार नाही. रिक्षावाल्याचे दृश्य त्यांना चित्रपटाचे सार वाटले, आणि बाईच्या दृश्यातही तेच सार आहे हे त्यांच्या वर्णनावरून कळते, त्यांनी तसे म्हटले नसले तरी. त्यानंतर सरकारने सुचवलेल्या तीन कात्र्या वाचाव्यात, मग चार मुद्दे आणि त्यांवरचे उत्तर. निकालाशी सहमत व्हायचे की नाही, हे त्या क्रमाने वाचल्यावर वाचकाने ठरवावे. माझे मत मी वर दिले आहे, आणि ज्यांना ते पटणार नाही त्यांच्यासाठी दुसऱ्या बाजूचे लेखनही याच पुस्तकात आहे.